धिराचं विरजण

सरका थोडे पुढे, मागच्यांनाही टेकायला जागा होऊ दे. आज एकच प्रश्न विचारतो, आणि उत्तर मिळेपर्यंत कुणी उठायचं नाही – वस्तू कुलपात जपून ठेवली, तर टिकते की नासते? काकू म्हणतात, टिकते. बरं! ऐका तर मग.

ब्रह्मदेवानं सृष्टी केली ती कशातून? सामान लागतंच ना! सत्यलोकाच्या मागल्या अंगाला एक भांडार आहे. लांबच लांब फळ्या, फळ्यांवर बरण्या. एकीत दगडाचा जडपणा, एकीत चिंचेचा आंबटपणा, एकीत तान्ह्या बाळाच्या टाळूचा वास! खाली काहीही जन्माला यायचं झालं, की भांडारी प्रत्येक बरणीतून चमचा चमचा काढून देतो. आणि बरणी रिती होत नाही, कारण आत आहे ते विरजण. चमचाभर द्यायचं, उरल्यासुरल्यावर पुन्हा ताजं लागतं.

या भांडाऱ्याचं नाव निधिपाल. इमानी देव, पण काळजीखोर. आमचे पेटीवाले हसले बघा, त्यांना घरचं कुणीतरी आठवलं! तर एकदा निधिपालानं पाहिलं, धिराला मागणी फार. बरणीचा तळ दिसायला लागलेला. संपलं तर? ब्रह्मदेवाला काय तोंड दाखवू? त्यानं बरणीच्या तोंडाला फडकं बांधलं, ती कपाटात घालून कुलूप ठोकलं. बारा वर्षं – एक चमचा दिला नाही! धिराच्या जागी घाई जरा जास्त घालायचा. त्या बारा वर्षांतली माणसं आपल्यातही बसली आहेत, प्रसादाच्या रांगेत ओळखू येतील.

मग एका दुपारी देवाचा सांगावा आला. खाली शेवंता नावाची बाई पहाटेपासून अडली आहे. कळा येतायत, पण तिनं हाय खाल्ली आहे. दिवेलागणीच्या आत तिला चमचाभर धीर पोचव, नाहीतर दोन जीव जातील.

निधिपालानं कुलूप काढलं, फडकं सोडलं, आणि पाहतो तो काय? हिरवी बुरशी! आंबूस वास भपकन नाकात गेला. चमचा फिरवला, वरून खालपर्यंत सगळं नासलेलं. बिचारा तसाच धावत देवापुढे गेला.

"देवा, मी जपलं होतं हो. कुणाला बोटसुद्धा लावू दिलं नाही."

देव रागावले असते तर बरं झालं असतं. त्यांनी शांतपणे विचारलं, "विरजण नासलं तर खाली बायका काय करतात?"

"शेजारणीकडे मागतात."

"मग वाटी घे आणि नीघ."

निघाला! माणसाचं रूप घेतलं, हातात वाटी. सूर्य उतरायला लागलेला. पहिल्यांदा गेला एका पैलवानाकडे, ही छाती, ह्या मिशा! तो दवाखान्याच्या बाकावर सुईच्या भीतीनं डोळे मिटून बसला होता. निधिपाल तिथून निघाला आणि एका माळावर येऊन थबकला.

माळावर विहीर खोदायचं काम. दुपारी कडा ढासळली होती. दगडू नावाचा गडी आत अडकलेला, आणि खालून आवाज नाही. माणसं माती उपसत होती. त्यांच्यात त्याची बायको, हौसा. घमेलं भरायचं, वर न्यायचं, ओतायचं, परत. हिच्याकडे कोणत्या तोंडानं मागायचं? निधिपाल परत फिरणार होता. पण उन्हं पार कलली होती.

"बाई," तो चाचरत म्हणाला, "चमचाभर धीर द्याल? पलीकडच्या गावात एक बाळंतीण अडलीय. आणि दिवेलागणीला विरजण देऊ नये म्हणतात, ते मला माहीत आहे..."

हौसा थांबली नाही. "अडलेल्या बाईला कसली आलीय येळ? पन माज्याकडं कुठला धीर? हात बगा कसे थरथरत्यात."

"मग हे घमेलं कसं उचलता?"

"समदी माती बगतच न्हाई मी. बगितली तर हितंच बसंन." तिनं घमेलं रितं केलं. "ह्ये टाकलं की फुडलं. तिलाबी सांगा, समद्या कळा मोजू नगं. आली ती घे. ती गेली की मग फुडली."

निधिपालाच्या हातातली वाटी जड झाली. त्यानं घाबरून हौसाकडे पाहिलं. आपण हिचा होता तेवढा धीर तर नाही ना नेला? पण तिनं पुढचं घमेलं उचललं होतं, आणि आता हात थरथरत नव्हते.

शेवंताच्या घरी सासू निरांजनाची वात पुढे सारत होती, तेवढ्यात हा पोचला. सुईणीच्या कानात सांगितलं, तिनं शेवंताच्या कानात. एक कळ. मग दुसरी. मग आणखी एक. तिकडे सासूनं काडी ओढली, आणि त्याच वेळी पोर रडलं!

आणि विहिरीचं काय, विचारा ना! श्वास रोखून बसलायत सगळे. अंधार पडता पडता खालून दगडावर दगड आपटल्याचा आवाज आला. दोनदा. दगडू वर आला तेव्हा पाय मोडलेला होता, पण माणूस जिवंत होता.

निधिपालानं भांडारात परतून बरणी घासली, वाटीला लागलं होतं ते निपटून तिच्यात घातलं. कुलूप फेकून दिलं. म्हणजे बघा, तेव्हापासून जगात ज्याला ज्याला धीर आला, तो त्या हौसाच्या घमेल्यातला आहे. तुमचा आणि माझाही.

काकू, आता सांगा, टिकते की नासते? नासते म्हणता. बरं, दुसरं विचारतो. तुमच्या आळीत एक दार आज सकाळपासून बंद आहे. आत कोण आहे आणि काय झालंय, ते तुम्हाला ठाऊक आहे. आपल्याकडे तरी कुठं आहे धीर, म्हणून तुम्ही गेला नाहीत. अहो, हौसा तेच म्हणाली होती!

आरती होऊ द्या. प्रसाद घ्या. पण आज सरळ घरी जायचं नाही. आधी ते दार वाजवायचं.