गाऱ्हाणं मी सांगेन तसं

मंडळी, आधी एक प्रश्न. मूल जन्माला घालायचं की नाही, हे ठरवायचं कुणी? आईबापांनी? आजीने? की शेजारच्या वहिनींनी? हसू नका, वहिनी समोरच बसल्यात.

तर ऐका. कोकणात एक गाव. तिथल्या शेवंतीबाई राऊळ. मुलगा सुहास, सून मृणाली. लग्नाला सहा वर्षं झाली, पाळणा नाही. का नाही? तर सूनबाईंनी सरळ सांगितलेलं — "आई, मला मनातून ओढच नाही. मग त्या जिवाला कशाला बोलवायचं?" सुहासचंही तेच म्हणणं.

शेवंतीबाईंनी वरच्या कोर्टात अपील केलं. म्हणजे ग्रामदेवाच्या देवळात. "कौल लावू. देव सांगेल ते ऐकायचं." कौल ठाऊक आहे ना? देवाच्या अंगावर ओल्या कळ्या चिकटवायच्या. उजवी पडली की हो, डावी पडली की नाही. देव दोन शब्दांत आटोपतो. आम्हा कीर्तनकारांना ते जमत नाही.

मृणाली म्हणाली, "ऐकेन. पण गाऱ्हाणं मी सांगेन तसं घालायचं." गाऱ्हाणं म्हणजे कौलाआधी गुरव देवापुढे मोठ्याने मागणं मांडतो ते. आता बघा हं — उजवी कळी पडली, तर पोरीला शब्द पाळणं आलं. एका कळीवर दोन जन्म टांगलेले. तिचा, आणि येणाऱ्याचा.

गुरव उभा राहिला. मागे गावचे मानकरी, होकार भरायला. गुरवाने तिने सांगितलेलं गाऱ्हाणं घातलं — "बा देवा, या घरात मूल मागतायत. ते आलं तर त्याला कोण काय देणार, ते कळ्या लावण्याआधी ज्याचं त्याने तुझ्यासमोर बोलावं."

"होय म्हाराजा," मानकरी म्हणाले. ते कशालाही म्हणतात.

शेवंतीबाई पुढे झाल्या. "मला म्हातारपणी सोबत होईल."

"ती तुम्हाला. बाळाला काय?" गुरवाने विचारलं.

"राऊळांचं नाव चालेल."

"ते राऊळांचं. बाळाला?"

"लोकांची तोंडं बंद होतील."

या वेळी मानकरीही गप्प राहिले. त्या देवळात असं पहिल्यांदाच घडलं.

शेवंतीबाई देवाकडे वळल्या. मग हळूच म्हणाल्या, "सुहास मला सासूबाईंच्या हट्टापायी झाला. पहिली दोन वर्षं मी त्याला नीट जवळसुद्धा घेतलं नाही."

सुहास मागेच उभा होता. म्हणाला, "ठाऊक आहे, आई."

म्हातारी रडली हो. डोळे पुसले आणि गुरवाला म्हणाली, "कळ्या लावू नका." सुनेचा हात धरून घरी गेली.

मंडळी, ज्यांना मुलं हवीत त्यांना जरूर होवोत. पण कुणासाठी हवीत, एवढं एकदा देवापुढे मोठ्याने बोलून बघा. मी काही तुमच्याहून वेगळा नाही. गेल्या महिन्यात एका नवरीला 'अष्टपुत्रा' म्हणालो. आठ! तिला न विचारता. आता कुणी पाया पडलं की 'सुखी राहा' म्हणतो आणि थांबतो.

आणि सासूबाई मंडळी, आज घरी गेल्यावर सुनेला चहा विचारा. फक्त चहा.