मॉस्कोचा कॉल

अबे, फोन हँग झाला म्हणून लगेच कट करत जाऊ नका. माझी मावशी सोव्हिएत जमान्यात मॉस्कोले शिकायले गेली अन् तिथंच जन्मभर सिनेमाची एडिटर राहिली. आता रिटायर होऊन नागपुरात आमच्याकडे असते. परवा तिनं तिथल्या एडिटिंग टेबलावरच्या मैत्रिणीले व्हिडिओ कॉल लावला. मी पाहतो तं दोघी गप्प, एकमेकींकडे एकटक. मले वाटलं नेट गेलं. केला कट.

“काहून कट केला गा?” मावशी कळवळली.

“स्क्रीन अटकली होती ना!”

“अटकली नव्हती. आमची रीतच तशी होती. शॉट दोघींनी मुकाट्यानं पाहायचा. जिचं मन भरलं, तिनं टेबलावर टकटक करायची. तिथंच कापायचं.”

“मग?”

“आज कोणीच टकटक केली नव्हती.”