‘द’ची शेपटी

हयातीच्या दाखल्याच्या रांगेत माझ्यापुढे एक आजोबा होते, त्यांच्यापुढे आईचे कागद घेऊन आलेली मुलगी.

“पोरी, तुझ्या पिशवीवरची ही वळणदार अक्षरं कुणाची?”

“माझी, आजोबा! साठ वर्षांपूर्वीची छापखान्यातली आहेत. मी कॉम्प्युटरवर पुन्हा जिवंत केली.”

“‘द’ची शेपटी लांबवलीस.”

“हो, जुनी फारच आखूड होती. तुम्हाला कसं ठाऊक?”

“लांब ठेवली की छपाईचा शिशाचा खिळा मोडायचा, म्हणून मीच आखूड काढली होती.”

“तुम्ही?”

“का गं, एवढी दचकलीस?”

“मी सगळीकडे लिहिलंय, मूळ कलाकार आता हयात नाहीत.”

“कुणी सांगितलं?”

“कुणीच नाही. शोधलं असतं, तर परवानगी मागावी लागली असती.”

“बरं झालं भेटलीस. मी जिवंत आहे म्हणून या फॉर्मवर एका साक्षीदाराची सही लागते. घे, कर.”