माहेरचा डबा

परळला आमच्या इमारतीत लिफ्टसाठी रांग होती. माझ्यापुढे पाठीवर भली मोठी सॅक घेतलेली एक मुलगी आणि तिला घ्यायला खाली आलेली तिची आई.

"मनवा, तुझ्या हातातला डबा कुणाचा गं?"

"हेमादीदींचा. ट्रेकमध्ये डोंगरातल्या गावात त्यांच्याच घरी राहिलो ना आम्ही. निघताना त्यांनी वाटेत खायला अक्रोड दिले, डबा परत द्यायचा राहूनच गेला."

"आणि यावर नाव घातलंय ते? 'हेमा को माँ का आशीर्वाद.' अगं, माहेरचं भांडं आहे हे!"

"उद्या कुरिअर करते."

"रिकामं?"

"बरं, तू लाडू भरून दे."

"लाडू देईन गं. पण माहेरची वस्तू पार्सलने पाठवतात होय? हातात नेऊन द्यायची."

"मग पुढच्या वर्षी जाईन तेव्हा नेते."

"मीपण येते."

"आई, तिथे गाडी जात नाही, सगळा चढ आहे. बाबा गेल्यापासून तू नाक्याच्या पुढे तरी गेलीस का?"

"लिफ्ट आली बघ. जा तू."

"आणि तू?"

"मी जिन्याने येते."

"अगं, अकरावा मजला आहे!"

"माहितीये. डबा दे इकडे."