मेलेला उठून बसला

“मेलेल्या माणसानं उठून बसायचं असतं का गं, सोफुला?” पावाच्या रांगेत स्तामातिया म्हातारी कडाडली.

“कोण उठलं?”

“तो थानासिस! ट्रॉयच्या किनाऱ्यावर पहिली उडी घेऊन पहिला मेलेला प्रोतेसिलाओस, आपल्या गावचा वीर! काल जत्रेत त्याचं सोंग या दिवट्याला दिलं. भाला लागला की निपचित पडायचं, मग वल्ह्यांवर घालून आपण वीराच्या पुतळ्यापर्यंत न्यायचं. तर माझी नात आर्गिरो त्या वीराची बायको होऊन रडायला लागली, आणि हा मेलेला उठून तिचे डोळे पुसतोय!”

“पुसू दे की.”

“ट्रोजनांचं सोंग घेतलेले शेजारगावचे पोट धरून हसले! म्हणे, तुमच्या वीराला धड मरताही येत नाही.”

“म्हणजे आता नात देणार नाहीस त्याला?”

“कशाला देईन?”

“अगं, खरा प्रोतेसिलाओससुद्धा बायकोच्या रडण्यापायी पाताळातून घटकाभर परत आलाच होता ना? तूच सांगतेस दरवर्षी.”

स्तामातिया मागे वळली. रांगेच्या टोकाला थानासिस उभा होता, कानापर्यंत लाल झालेला.

“ए मढ्या! रविवारी जेवायला ये. आर्गिरोशेजारी बसवते. पण पुढच्या जत्रेत उठलास, तर भाला मी घेऊन येईन!”