हप्ता वाढला नाही म्हणून पेढे

...आणि पेढे मीसुद्धा खाल्ले हो! खोटं कशाला बोलू? चांगले दोन खाल्ले, केशरी होते. आता तुम्हीच सांगा, समोरच्या फ्लॅटमधला माणूस सकाळी सकाळी बेल वाजवून बॉक्स पुढे करतो, तर आपण काय म्हणणार? बाबा रे, आधी तुझ्या कर्जाचा कागद दाखव, मग तोंड गोड करतो? असं कोणी म्हणतं? मी फक्त विचारलं, "काय जयवंत, अनुष्काचा रिझल्ट लागला वाटतं?" तर म्हणतो कसा, "नाही काका, रिझल्ट बँकेचा लागला! सगळ्यांचे हप्ते वाढले, आपला नाही वाढला!"

आता हा जयवंत कोण ते सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल सेक्रेटरी नुसता पेढ्यांवरच अडकला. हो, सेक्रेटरी मी, आमच्या विरार पूर्वेच्या सोसायटीचा, आठ वर्षं झाली, सोडायचं म्हणतो पण कोणी घेतच नाही... ते राहू दे. जयवंत माझ्या समोरच्या दारात राहतो. बायको स्वप्ना, मुलगी अनुष्का. नोकरी गोखिवऱ्याला, कुकरच्या रबरी रिंगा बनवतात ना, त्या कारखान्यात स्टोअरकीपर. बावीस वर्षं. तुम्ही त्याला कुकरचं झाकण नुसतं लांबून दाखवा, तो रिंगेचा नंबर सांगेल. एकवीस सालच्या मार्चमध्ये त्याने हा वन बीएचके घेतला. स्वप्नाचे दागिने, भिशीचे पैसे, आणि वर बँकेचे वीस लाख. पंधरा वर्षांची मुदत, हप्ता सतरा हजार आठशे पासष्ट. पंधराच का? तर त्याने हिशोब लावला होता, की छत्तीस सालच्या मार्चमध्ये मी अठ्ठावन्नचा, नोकरी संपली, हप्ता संपला, दोन्ही एकदम! केवढा खूश होता तेव्हा!

मग बावीस साल उजाडलं आणि व्याजाचे दर लागले चढायला. सोसायटीत रोज एकाचं तोंड वाकडं. आमचा आग्नेल, दुसऱ्या मजल्यावरचा, मूळचा राजोडीचा, माणिकपूरला शाळेत गणित शिकवतो, त्याचा हप्ता सतराचा थेट एकवीसवर गेला. तो माणूस जिन्यात बसून बँकेला शिव्या घालत होता. मास्तर माणूस, शिव्यासुद्धा क्रमाने घालत होता! आणि हा जयवंत त्याच्यापुढे बॉक्स धरून उभा. "आग्नेल, आमची बँक बघ. माहेर आहे माहेर! हप्ता वाढला का? नाही ना? मग झालं तर!"

आग्नेलने पेढा हातात घेतला, आणि एकच प्रश्न विचारला. "अरे पण व्याज तर वाढलं ना? मग ते वाढलेलं व्याज गेलं कुठे?"

जयवंत काय म्हणाला असेल? म्हणाला, "बँकेने सोसलं!"

बँकेने! सोसलं! अहो, बँक माझ्या खात्यातून मेसेज पाठवायचे अठरा रुपये कापते, आणि ती जयवंतचं व्याज सोसणार? पण मीही काही बोललो नाही. तोंडात पेढा होता ना.

पुढची अडीच-तीन वर्षं या माणसाने आम्हाला नुसता वैताग आणला. पाण्याच्या टँकरचे पैसे वाढले म्हणून मीटिंगमध्ये भांडण चालू, की हा मागून, "आमच्या बँकेकडून शिका काहीतरी! हप्ता वाढला का? नाही ना?" लिफ्टचा मेंटेनन्स, तेच. पार्किंगचे पट्टे, तेच! शेवटी मी त्याला म्हटलं, अरे, तुझ्या बँकेलाच सेक्रेटरी कर ना, मी सुटतो.

आणि मग गेल्या मार्चात त्याच्या शेठने सगळ्यांना बोलावलं. कारखाना चालला अंकलेश्वरला! तिकडे जागा स्वस्त, वीज स्वस्त. शेठ म्हणाले, "बघा भाई, जे येतील त्यांना पगार अधिक चार हजार, राहायला खोली, चार जणांत एक. ज्यांना यायचं नाही त्यांनी हिशोब घ्या. शनिवारपर्यंत सांगा, सही करा." हिशोब म्हणजे किती? तर पीएफ, ग्रॅच्युइटी, शेठचं काय ते, सगळं मिळून जयवंतचे साडेअकरा लाख.

तुम्हाला सांगतो, दुसरा कोणी असता तर हबकला असता. हा नाचत घरी आला! का? अहो, स्टोअरकीपरचं डोकं! शंभर रिंगा आल्या, चाळीस गेल्या, शिल्लक साठ. बरोबर? वीस लाख आले. चार वर्षं हप्ते भरले, ते झाले साडेआठ लाख. शिल्लक साडेअकरा! आणि शेठ देतोय साडेअकरा! मला म्हणतो, "काका, देवाने माप घेऊन पैसे पाठवलेत. कर्ज फेडतो, नोकरी सोडतो, आपल्या बिल्डिंगखालचा तो तीन नंबरचा गाळा भाड्याने घेतो. कुकर रिपेअरिंग! रिंग, शिट्टी, हँडल, सगळं मिळेल." मी म्हटलं, "अरे, चालेल का?" तर म्हणाला, "काका, बावीस वर्षं डबा खाल्लाय. थंड. दुकान खाली असलं म्हणजे एक वाजता वर यायचं आणि तव्यावरची पोळी खायची. बस. मला दुसरं काही नको."

मला खरंच भरून आलं. मी म्हटलं, गाळ्याच्या मालकाशी मी बोलतो.

गुरुवारी मला घेऊन गेला बँकेत. मी कशाला? तर साक्षीदार! घर मोकळं झाल्याचा कागद घेताना सोबत कोणीतरी मोठं माणूस हवं म्हणे. समोर विनया मॅडम. वय असेल सव्वीस, पण काय ती शांतता! जयवंत ऐटीत बसला. "मॅडम, लोन क्लोज करायचंय. साडेअकरा ना?"

मॅडमनी खटखट केलं. "सर, सतरा लाख चौऱ्याहत्तर हजार."

"नाही नाही, माझं बघा. जयवंत..."

"तुमचंच आहे सर."

"अहो मॅडम, साडेआठ लाख भरलेत मी! चार वर्षं! एक हप्ता चुकला नाही!"

"हो सर, तुमचा रेकॉर्ड खूप छान आहे." बघा, कौतुक केलं! "पण त्यातले सव्वा दोन लाख मुद्दलात गेले. बाकी सगळं व्याज. आधी व्याज वळतं होतं सर, त्यातून उरेल ते मुद्दलात जातं."

जयवंतने माझ्याकडे पाहिलं, जसं काही व्याज मीच लावलंय. मी म्हटलं, "अरे, आपल्या गच्चीवरची टाकी नाही का? साडेआठ हजार लिटर चढवलं, पाइपाला गळती, टाकीत पडलं सव्वा दोन. टँकरवाल्याला पैसे मात्र साडेआठचे." ते त्याला कळलं. कळलं म्हणजे काय, चेहराच उतरला.

पण गडी चिवट! घाम पुसला आणि म्हणाला, "ठीक आहे. चालतंच आहे ते, छत्तीस सालच्या मार्चमध्ये संपेल."

आणि मॅडम म्हणाल्या, "एक्केचाळीस, सर."

"काय एक्केचाळीस?"

"मार्च एक्केचाळीस. रेट वाढले तेव्हा तुमचा टेन्युअर ॲडजस्ट झाला. म्हणजे मुदत वाढली. पाच वर्षं."

आणि काय सांगू तुम्हाला, त्या एसीमध्ये, त्या मॅडमसमोर, हा माणूस अगदी बारीक आवाजात म्हणतो, "पण मॅडम... हप्ता वाढला का? नाही ना?"

"नाही सर. हप्ता नाही वाढला. म्हणूनच तर वर्षं वाढली."

म्हणूनच! ते आग्नेल मास्तरांनी विचारलेलं व्याज, बँकेने सोसलेलं, ते सगळं पुढे नेऊन ठेवलं होतं, नीट घडी घालून! आणि मॅडम म्हणतात, "एसएमएस गेला होता सर." हा म्हणतो नाही आला. काढला फोन. गॅस सिलिंडर, वीजबिल, कुठलासा शर्टांचा सेल, आणि मध्ये तो. इंग्रजीत. पहिली ओळ, "युवर ईएमआय रिमेन्स अनचेंज्ड." त्याच्या खाली दुसरी ओळ, मुदतीची. आमचे साहेब पहिल्या ओळीवरून थेट मिठाईच्या दुकानात! दुसरी ओळ वाचतो कोण?

मी म्हटलं, मॅडम, एकूण किती होतात ते तरी सांगा. म्हणाल्या, असंच चालू ठेवलं तर शेवटपर्यंत त्रेचाळीस लाख. वीस घेतले हो! वीस! त्रेचाळीस! आणि छत्तीसलाच संपवायचं असेल तर? तर म्हणे आजपासून हप्ता एकवीस हजार सहाशे करा, मग एकूण सदतीस लाखांत भागेल, सहा लाख वाचतील. मॅडमनी ते एका चिठ्ठीवर लिहून दिलं. आणि उठताना काय म्हणाल्या माहितीये? "सर, तुमचा रेकॉर्ड इतका छान आहे, तुम्ही टॉप-अप लोनला पात्र आहात." म्हणजे वर अजून कर्ज! मी जयवंतला दंडाला धरून बाहेर काढलं.

घरी आलो. स्वप्नाने दार उघडलं, त्याचं तोंड बघितलं आणि मला म्हणाली, "काका, तुम्ही बसा." म्हणजे मी साक्षीदारच झालो, पण भलत्याच गोष्टीचा.

स्वप्ना काय रडूबाई नाही. चिठ्ठी वाचली. म्हणाली, "साडेअकरा भरले तरी वर सव्वा सहा राहतात. पीएफ गेला, नोकरी गेली, गाळ्याचं डिपॉझिट द्यायचं. दुकान चालेपर्यंत हप्ता कोण भरणार?" जयवंत म्हणाला, "चालेल गं." ती म्हणाली, "आणि नाही चाललं तर हे घरच जाईल, अहो." आत अनुष्का अभ्यास करत होती, ती पानंसुद्धा उलटेना.

शेवटी जयवंतच म्हणाला, "चार हजार जास्त देतोय शेठ. हप्ता पावणेचारने वाढतो. बसतंय." स्वप्ना म्हणाली, "बसतंय हो. तुम्ही कुठे बसताय त्यात?" आणि तेव्हा मात्र तिचा आवाज रडवेला झाला. "अकरा वर्षं! अनुष्का चौदाची आहे. तुम्ही परत याल तेव्हा ती या घरात असेल तरी का?"

जयवंत म्हणाला, "शनिवारी येईन ना. दर शनिवारी येईन."

मला विचाराल तर मी काहीही बोलू शकलो असतो. सेक्रेटरी आहे, रोज बोलतो. पण चहा ठेवला होता, तो पिऊन निघालो.

शुक्रवारी तो परत बँकेत गेला, एकटाच. म्हणाला, "मॅडम, हप्ता वाढवा." त्या म्हणे दोनदा विचारत होत्या, सर नक्की ना, कारण असं कोणी येऊन सांगत नाही. शनिवारी शेठकडे सही. आग्नेल त्याला जिन्यात भेटला तर म्हणाला, "जयवंत, हप्ता वाढला का?" चेष्टा नव्हती हो, काळजीनेच विचारत होता. आणि जयवंत म्हणाला, "वाढला. मीच वाढवला. माझी वर्षं परत आणली मास्तर, पाच." आग्नेलने त्याचा हात धरला, आणि तसाच धरून उभा राहिला.

आणि गेला की हो तो अंकलेश्वरला! चार जणांत एक खोली, स्वतः डाळ-भात शिजवतो. इकडे त्याच्या घरात सगळं आहे, पंखा आहे, पलंग आहे, फक्त तो तेवढा नाही. दर शनिवारी म्हणाला होता, पण पहिले तीन शनिवार ओव्हरटाइममध्ये गेले.

तेवढ्यात इकडे आम्ही सिक्युरिटीची एजन्सी बदलली. सायकली चोरीला जायला लागल्या, काय करणार? नवा वॉचमन, नवं रजिस्टर, कडक नियम. चौथ्या शनिवारी संध्याकाळी सात वाजता जयवंत आला, हातात पिशवी, खांद्याला बॅग. वॉचमनने गेटवरच अडवला. "किधर जाना है?"

"तीनशे दोन. अपनाच घर है."

"कभी देखा नहीं आपको. ओनर, टेनंट, या गेस्ट? इधर टिक करो."

मी खाली नोटीस लावत होतो, सगळं माझ्या डोळ्यांसमोर. वाटलं आता हा भडकणार, आणि भडकायलाच हवं होतं! पण नाही. पेन घेऊन उभा राहिला. म्हणाला, "ओनर तो अभी बँक है भाई. टेनंट लिखूं तर रोज राहायला पाहिजे." आणि इतक्या शांतपणे, तुम्हाला सांगतो, इतक्या शांतपणे त्याने गेस्टवर टिक केली.

वॉचमन म्हणाला, "रात को रुकेंगे? तो सेक्रेटरी का साइन लगेगा. नया रूल है."

रूल कोणी केला? मी! अहो, मीटिंगमध्ये टेबलावर हात आपटून केला होता! जयवंतने रजिस्टर उचललं, माझ्यापुढे धरलं, आणि म्हणाला, "करा काका. एकच रात्र आहे."

मग काय करता... केली सही.