कुटुंबीयांच्या खुर्च्या

दाढी आल्याचा तोटा सांगू का तुम्हाला? मी ट्रान्स पुरुष. जन्मलो मुलगी म्हणून, पण आता मला बघून ते कोणाला कळत नाही. तर गेल्या वर्षी क्वीअर, म्हणजे समलिंगी, ट्रान्स अशा आम्हा लोकांच्या एका गटाच्या बैठकीला पहिल्यांदाच गेलो. एकट्याने जायची छाती होईना, म्हणून बिबवेवाडीहून ताईला स्कूटरवर घेऊन गेलो.

दारातच एका मुलाने ताईचा हात हातात घेतला. "बरं केलंत आलात. इथे सगळे आपलेच आहेत, मोकळेपणाने बोला." मग माझ्याकडे वळून म्हणाला, "आणि आपण?"

"भाऊ आहे माझा," ताई म्हणाली.

"वा, असे भाऊ हवेत. कुटुंबीयांच्या खुर्च्या मागे आहेत हं."

मी मागे जाऊन बसलो. काय सांगणार? आयुष्यभर मी मुलगी नाही म्हणून भांडलो, आणि आता यांनी आत घ्यावं म्हणून मुलगी म्हणून जन्मलो हे सांगायचं? पुढे ताईला चहा, बिस्किटं आणि दोन मिठ्या मिळाल्या. दोन मुलांची आई ती, पण तिने सगळं निवांत घेतलं.

परतताना स्कूटरवर मागून ताई म्हणाली, "तोंड का पाडलंयस? तू मुलगा आहेस हे आपल्या घरात पटायला नऊ वर्षं लागली. यांना दारातच पटलं. आता तू त्यांच्यातला आहेस हे पटायला किती लागतात, बघू."